नक्कल गेली, मूळ जागेवरच

हिंगण्याच्या एमआयडीसीतला एखादा कारखानदार पोलीस ठाण्यात येतो. जुन्या कर्मचाऱ्यानं रसायनाचं फॉर्म्युलेशन पळवलं, ही त्याची तक्रार. पण फाइल तर त्याच्याच संगणकावर आहे! मग गेलं काय? औद्योगिक हेरगिरीचा तपास या प्रश्नापाशी अडतो, आणि त्याचं मूळ १८६० च्या दंड संहितेत आहे. जंगम वस्तू कुणाच्या ताब्यातून हलवली, तर ती चोरी. नक्कल केल्यानं मूळ हलत नाही.

१ जानेवारी १८७७ ला नागपुरात एम्प्रेस मिल सुरू झाली, तेव्हा ही व्याख्या पुरेशी होती. कारखान्याचं गुपित यंत्रात आणि कारागिराच्या हातात असे. ते न्यायचं तर माणूसच फोडावा लागे. पुढे १९२३ च्या कायद्यानं सरकारी गुपितांना कवच दिलं. अंबाझरीच्या आयुधनिर्माणीतला आराखडा त्याखाली येतो, शेजारच्या खासगी कारखान्याचा स्वतःचा आराखडा सहसा येत नाही.

माहिती तंत्रज्ञान कायदा २००० मध्ये आला. परवानगीवाचून डेटा उतरवून घेणं कलम ४३ मध्ये होतं, पण परिणाम फक्त भरपाई. २००८ च्या दुरुस्तीनं लबाडीच्या हेतूनं केलेलं तेच कृत्य कलम ६६ खाली गुन्हा ठरलं: तीन वर्षांपर्यंत कैद, पाच लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. तपासाचा अधिकारही उपअधीक्षकाकडून निरीक्षकापर्यंत खाली आला. माझ्या मते ठाण्याच्या पातळीवर हा बदल सगळ्यात मोठा. नोकरानं केलेल्या विश्वासघाताचं कलम जोडीला असतंच, आता दंड संहितेच्या जागी आलेल्या भारतीय न्याय संहितेत ३१६.

व्यापारी गुपितांचा स्वतंत्र कायदा हवा, असं विधी आयोगानं मार्च २०२४ च्या २८९ व्या अहवालात सुचवलं, मसुद्यासकट.

तरी खटले कलमांपेक्षा पुराव्यावर ढासळतात, आणि नुकसान बहुधा कंपनीच्याच हातून होतं. राजीनामा दिलेल्याचा लॅपटॉप फॉरमॅट करून नव्या माणसाला देतात. कोणता पेन ड्राइव्ह कधी जोडला, ही नोंद तिथंच पुसली जाते. १ जुलै २०२४ पासून साक्ष्य अधिनियमाच्या, म्हणजे पुराव्याच्या नव्या कायद्याच्या, कलम ६३ खाली डिजिटल पुराव्यासोबतच्या प्रमाणपत्रात हॅश मूल्य लिहावं लागतं, म्हणजे डेटा जरा बदलला तरी बदलणारा त्याचा अंकी ठसा. म्हणून संशय आला की आधी तो लॅपटॉप बंद करून कपाटात कुलूपबंद ठेवा, मग ठाण्यात जा.