श्ट्राउस यांचा फोन आणि कॉनराड आलर्स

जर्मन लष्कराच्या तयारीवर टीका सुरू झाली की तिथे एक जुना शब्दप्रयोग हमखास वर येतो: ‘बेडिंग्ट आब्वेअरबेराइट’. आपल्याकडे ‘जेमतेम बचावापुरते सज्ज’ म्हणू. ‘फालेक्स ६२’ या नाटोच्या सरावानंतर पश्चिम जर्मनीच्या फौजेला मिळालेला शेरा जवळपास असाच होता, चार पायऱ्यांमधला सगळ्यात खालचा. ऑक्टोबर १९६२ मध्ये हॅम्बुर्गच्या ‘डेर श्पीगल’ साप्ताहिकाने तो मथळ्यात घेतला. लेख मुख्यतः कॉनराड आलर्स यांचा.

आलर्स हॅम्बुर्गचेच, जन्म १९२२ चा. महायुद्धात ते छत्रीधारी सैनिक होते. पन्नासच्या दशकाच्या सुरुवातीला, पुन्हा लष्कर हवे की नको यावर देशात रान पेटले असताना, थिओडोर ब्लांक यांच्या कचेरीत ते प्रसिद्धीचे काम पाहत. हीच कचेरी पुढे संरक्षण मंत्रालय झाली. म्हणजे या खात्याचे पाळण्यातले पाय त्यांनी आतून पाहिले होते. ते विसरले तर १९६२ चा लेख नुसता गौप्यस्फोट वाटतो. खरे तर भिस्त अण्वस्त्रांवर ठेवायची की पारंपरिक फौजेवर, हा धोरणाचा वाद त्यात होता, आणि संरक्षणमंत्री फ्रान्झ योझेफ श्ट्राउस यांचा ओढा अण्वस्त्रांकडे होता.

२६ ऑक्टोबरच्या रात्री पोलिसांनी साप्ताहिकाच्या कचेरीचा ताबा घेतला. आरोप देशद्रोहाचा. संपादक रुडोल्फ आउगश्टाइन यांना १०३ दिवस कोठडीत काढावे लागले. आलर्स तेव्हा सुट्टीवर, स्पेनमधल्या तोरेमोलिनोसला. श्ट्राउस यांनी रात्रीच माद्रिदच्या दूतावासातले लष्करी अधिकारी आखिम ओस्टर यांना फोन लावला आणि स्पेनचा हुकूमशहा फ्रँकोच्या पोलिसांनी आलर्सना ताब्यात घेतले. (हिटलरविरुद्धच्या कटासाठी फासावर गेलेले हान्स ओस्टर हे या अधिकाऱ्याचे वडील.) श्ट्राउस आधी कानावर हात ठेवून होते, मग संसदेत फोनची कबुली द्यावी लागली. सरकारमधला भागीदार पक्ष एफडीपीच्या पाचही मंत्र्यांनी राजीनामे दिले आणि श्ट्राउस यांचे मंत्रिपद गेले. आउगश्टाइन आणि आलर्स यांच्यावर पुराव्याअभावी खटला चालवायलाच सर्वोच्च फौजदारी न्यायालयाने मे १९६५ मध्ये नकार दिला.

गंमत पुढेच आहे. १९६६ मध्ये दोन मोठ्या पक्षांनी मिळून सरकार बनवले. त्यात श्ट्राउस अर्थमंत्री आणि आलर्स सरकारचे उपप्रवक्ते! ज्याच्या फोनमुळे कोठडी पाहिली, त्याच्याच सरकारची बाजू रोज पत्रकारांपुढे मांडायची. आलर्सनी ती मांडली. पत्रकाराने सत्तेच्या इतके जवळ जावे का, हा प्रश्न मला त्यांच्याबाबत अटकेपेक्षा इथे जास्त टोचतो.

१९६९ पासून ते चॅन्सेलर (सरकारप्रमुख) विली ब्रांट यांचे मुख्य प्रवक्ते झाले, १९७२ ते १९८० सोशल डेमोक्रॅट खासदार राहिले. १९८० मध्येच ‘डॉइच वेले’ या प्रसारणसंस्थेचे प्रमुखपद त्यांच्याकडे आले. त्या खुर्चीत त्यांना वर्षही मिळाले नाही. त्याच डिसेंबरात, ५८ व्या वर्षी, ते गेले.