डोळ्यांत पाणी आलं म्हणजे समोरचा कळला का? ब्लीड आणि समानुभूती

डंजन्स अँड ड्रॅगन्स खेळणाऱ्या कुणालाही विचारा, या खेळानं तुला काय दिलं? 'दुसऱ्याच्या जागी उभं राहायला शिकलो' हे उत्तर हमखास येतं. ते खोटं नाही. पण दाखला म्हणून जो प्रसंग सांगितला जातो, तो बहुतेक वेळा भलत्याच गोष्टीचा असतो. वर्षभर चाललेल्या कॅम्पेनमध्ये, म्हणजे एका सलग गोष्टीत, आपल्या पॅलाडिनचा (आपण खेळत असलेल्या धर्मयोद्ध्याचा) धाकटा भाऊ मेला आणि आपण सगळ्यांसमोर खरोखरच रडलो, अशा धर्तीचा. खेळाडूंच्या बोलीत याला 'ब्लीड' म्हणतात. समानुभूती, म्हणजे समोरच्याला काय वाटतंय ते समजून घेणं, निराळी. दोन्ही एकाच टेबलावर, कधी खेळाच्या एकाच बैठकीत, म्हणजे सेशनमध्ये घडतात, म्हणून एकीचं श्रेय दुसरीच्या नावावर जमा होतं.

ज्यांनी हा खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन या दोन अमेरिकी खेळवेड्यांनी १९७४ साली तो बाजारात आणला. चार-पाच जण टेबलाभोवती बसतात, प्रत्येकाचं एक कॅरेक्टर असतं. एक जण डंजन मास्टर, म्हणजे डीएम. तो जग उभं करतो आणि उरलेली सगळी माणसं, राक्षस, राजे, खाणावळवाले तोच बोलतो. गोष्ट बोलण्यातून पुढे सरकते. जिथे यश-अपयशाची शंका असेल तिथे वीस बाजूंचा फासा पडतो. नटाला निदान वाक्यं पाठ असतात. इथे "आता तू काय करतोस?" या प्रश्नाला तिथल्या तिथे उत्तर द्यावं लागतं, आणि त्या घाईत कॅरेक्टरच्या तोंडून आपलंच काहीतरी निघून जातं.

ब्लीड म्हणजे हेच. एमिली केअर बॉस या अमेरिकी गेम डिझायनरनं २००७ साली फिनलंडमधल्या रोपकॉन मेळाव्यात हा शब्द वापरला आणि नॉर्डिक देशांतल्या रोलप्ले करणाऱ्यांनी, म्हणजे भूमिका घेऊन खेळणाऱ्यांनी, तो उचलून धरला. ब्लीडच्या दिशा दोन. ऑफिसात साहेबांशी खटका उडालेला माणूस संध्याकाळी खेळायला बसतो आणि त्याचा एरवी शांत असलेला साधू राजदरबारात उगाच भांडण उकरून काढतो, तेव्हा खेळाडूचं पात्रात झिरपलेलं असतं. चोर खेळणाऱ्या मित्रानं गोष्टीत दगा दिला आणि सेशन संपल्यावर त्याच्याबरोबर एका रिक्षात बसायचीही इच्छा होईना, की पात्राचं खेळाडूत झिरपलं म्हणायचं. यात लाजण्यासारखं काही नाही. ब्लीड अजिबात नसेल तर उरतं काय, तर फासे टाकून बेरजा करणं.

पण पॅलाडिनचा भाऊ कधी अस्तित्वातच नव्हता. रडू आलं ते खेळणारीचं स्वतःचं. कदाचित तिचा स्वतःचा भाऊ परदेशी आहे आणि दोन दिवाळ्या फोन नाही, म्हणून आलं असेल. टेबलाच्या पलीकडे बसलेल्या मित्राविषयी त्या रडण्यातून तिला काहीही कळलेलं नाही.

मानसशास्त्रात हा फरक बराच जुना आहे. डॅनियल बॅट्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९७ साली एक प्रयोग केला. संकटात सापडलेल्या एका तरुणीची मुलाखत लोकांना ऐकवली. काहींना सांगितलं, तिला कसं वाटत असेल ते डोळ्यांसमोर आणा. काहींना सांगितलं, तुम्ही तिच्या जागी असतात तर तुम्हाला कसं वाटलं असतं ते आणा. सूचनेत फरक एवढासाच. पहिल्या गटात प्रामुख्यानं तिच्याविषयीची कळकळ जागी झाली. दुसऱ्या गटात कळकळीबरोबर स्वतःचीच घालमेलही चांगली वाढली. कॅरेक्टर खेळताना आपण जवळजवळ कायम दुसऱ्या गटात असतो, 'मी तिथे असतो तर' वाल्या. घालमेल झाली की माणूस आधी स्वतःला सावरतो. दुसऱ्याकडे बघायला त्याला उसंत कुठली?

मग समानुभूती या खेळात घडते तरी कुठे? माझ्या मते, आपल्या कॅरेक्टरपासून जरा लांब. एक नेहमीचा प्रसंग घ्या. पार्टीनं, म्हणजे खेळाडूंच्या कॅरेक्टरांच्या चमूनं, एक गॉब्लिन (खुजा राक्षस) जिवंत पकडलाय. खजिना कुठे आहे ते त्याच्याकडून वदवून घ्यायचंय. योद्धा खेळणारा म्हणतो, "त्याचं एक बोट छाटतो." फासा हातात, सगळे हसतायत. तेवढ्यात भिडस्त स्वभावाची, आत्तापर्यंत गप्प बसलेली एक खेळाडू म्हणते, "थांब. मी त्याला विचारते, तू रात्री या पुलावर का उभा होतास?" आता पंचाईत डीएमची. त्यानं या गॉब्लिनसाठी वहीत लिहिलंय काय, तर सात हिट पॉइंट, म्हणजे मार सोसायची ताकद, आणि एक गंजकी तलवार. बस्स. त्याला आता या प्राण्याला एक कारण द्यावं लागतं. तो क्षणभर थांबतो आणि म्हणतो, "टोळीतल्यांनी हाकललंय. पूल राखला तर परत घेऊ म्हणालेत." टेबलाचा नूर बदलतो. बोट काही छाटलं जात नाही, हे ठीकच. माझं लक्ष मात्र त्या प्रश्नाकडे जातं. तिनं गॉब्लिनचं मन ओळखलं नाही, ओळखायचा आवही आणला नाही. तिनं विचारलं, आणि उत्तर आल्यावर पुढची चाल बदलली.

हे विचारणं वाटतं त्याहून मोलाचं आहे. ताल एयाल, मेरी स्टेफेल आणि निकोलस एप्ली या संशोधकांनी २०१८ साली तब्बल २५ प्रयोगांचा निष्कर्ष प्रसिद्ध केला: समोरच्याच्या जागी स्वतःला कल्पून त्याच्या मनातलं अधिक अचूक ओळखता येतं, याला आधार मिळाला नाही. अचूकता वाढली ती सरळ त्यालाच विचारल्यावर. गंमत अशी की डंजन्स अँड ड्रॅगन्सच्या पाचव्या आवृत्तीत याच्या अगदी उलट सोय आहे. समोरच्याचं मन ओळखायचं 'इनसाइट' नावाचं कौशल्य, तेही 'विस्डम' म्हणजे शहाणपण या गुणाखाली. फासा टाका, पंधरा-सोळा आला की डीएम सांगतो, हा माणूस खोटं बोलतोय. खेळ पुढे ढकलायला झकास नियम आहे. पण काही टेबलांवर त्यामुळे प्रश्न विचारायची सवयच मोडते, कुणी तोंड उघडलं की "इनसाइट टाकू?"

ब्लीडलाच समानुभूती समजण्याच्या गल्लतीचं सगळ्यात वैताग आणणारं रूप म्हणजे "मी काय करू, माझं कॅरेक्टरच तसं आहे." चोरानं सोबत्यांची पोतडी लांबवली, समोरच्या मुलीचा चेहरा उतरला, आणि याचं आपलं चालू, मी पात्राशी प्रामाणिक आहे. असेल बुवा. कॅरेक्टर इतकं खोलवर कळलं, पण हातभर अंतरावर बसलेली माणूस कळली नाही.

ब्लीड मग निरुपयोगी का? मुळीच नाही, त्याचं काम वेगळं आहे. ते स्वतःची ओळख करून देतं. रेंजर असो, जादूगार असो, की बुटका लोहार, आपलं प्रत्येक कॅरेक्टर जखमी झाल्यावरही मदत मागत नाही, हे लक्षात आलं की माणूस जरा चपापतो. हे पात्र लिहिताना ठरवलेलं नव्हतं ना? ही वाढ खरी आहे. फक्त तिला समानुभूती म्हणू नये. ती आत्मपरीक्षणाच्या खात्यात जाते.

दोन्हींची गाठ पडते ती जॉन स्टाव्ह्रोपोलस यांच्या एक्स-कार्डपाशी. टेबलाच्या मधोमध एक साधं कार्ड, त्यावर फुली. गोष्टीत काही असह्य झालं तर कुणीही त्याला हात लावायचा. तो भाग तिथेच वगळायचा आणि कारण द्यायची सक्ती नाही. नवख्यांना वाटतं, कारण विचारलं नाही तर समजणार कसं? आत्ताच तर विचारण्याचं एवढं कौतुक केलं! पण ज्याला ब्लीड झेपेनासं झालंय त्याला त्याच क्षणी खुलासा मागणं म्हणजे आपल्या कुतूहलासाठी त्याला राबवणं. तिथे आधी थांबायचं. नंतर त्याला सांगावंसं वाटलं तर तो सांगेल, नाही वाटलं तर नाही.

याकोब मोरेनो यांनी रुजवलेल्या सायकोड्रामात, म्हणजे नाट्यातून मानसोपचार करण्याच्या पद्धतीत, भूमिकांची अदलाबदल हे तंत्र आहे. आई मुलीची भूमिका करते, मुलगी आईची. खरी मुलगी तिथेच हजर असेल तर ती मध्येच म्हणू शकते, "नाही, मी असं म्हणाले नव्हते." रोलप्लेइंग गेममध्ये ही दुरुस्ती करणारं कुणी नसतं. निर्वासित एल्फ (परीकथेतला टोकदार कानांचा जीव) सहा महिने खेळलो म्हणून निर्वासितांचं जिणं कळलं, असं सांगणारे भेटतात, तेव्हा मला हीच अडचण दिसते. त्या एल्फची प्रत्येक वेदना खेळाडूनंच लिहिलेली, आणि त्याला ती चुकीची आहे असं सांगायला कुठलाही एल्फ येणार नाही. टेबलावरचे बाकीचे चौघे मात्र येऊ शकतात. म्हणून सेशन संपल्यावर, फासे पिशवीत भरता भरता "मला काय वाटलं" याच्या आधी शेजारच्याला विचारून बघा: पुलावर तू मागे का सरलास? बऱ्याचदा आपण मनाशी धरलेलं उत्तर साफ चुकलेलं निघतं. कधी तो घाबरलेला असतो, कधी कंटाळलेला, आणि कधी त्याला फक्त शेवटची लोकल गाठायची असते.