पायराइटचे आम्ल आणि चुनखडीचा जमाखर्च

सांगली-साताऱ्याचा काळा पाषाण म्हणजे लाव्हारसाचे थरावर थर. त्यात कोळसा नाही, गंधकयुक्त खनिजांच्या खाणी नाहीत. म्हणून खाणीतून झिरपणारे आम्लाचे पाणी इथे परमुलखातली गोष्ट वाटते. पण कृष्णाकाठी जमिनी सोडियम साचून चोपण झाल्या आहेत, आणि चोपण जमीन सुधारण्याच्या शिफारशींत जिप्सम, गंधक यांच्या पंगतीला पायराइट हे लोह आणि गंधकाचे खनिजही असते. बिहारमधल्या अमझोरचे पायराइट आपल्या देशात त्यासाठी वापरलेही गेले. मातीत त्याचे आम्ल बनते, ते चुनखडी विरघळवते, सुटलेला कॅल्शियम सोडियमला हुसकावतो. पुढे निचऱ्याचे चर नीट असतील तरच तो सोडियम शेताबाहेर जातो, एरवी खर्च पाण्यात.

खाणीत नेमकी हीच क्रिया नको असते. हे खनिज जमिनीखाली हवेअभावी गप्प असते. खडक फुटून हवा-पाणी लागले की सल्फ्युरिक आम्ल आणि विरघळलेले लोह तयार होते. ओढ्याच्या तळावर केशरी गाळ बसतो. आम्लात तांबे, जस्तही उतरते.

तक्रार जुनी आहे. धातुक धुतलेल्या पाण्याने ओढे विषारी होतात, मासे मरतात, असे खाणविरोधकांचे म्हणणे जर्मन खाणतज्ज्ञ अ‍ॅग्रिकोलाच्या 1556 साली छापलेल्या ग्रंथात नोंदलेले आहे. उपाय मात्र बराच काळ आंधळेपणाने चालले. 1930 च्या दशकात अमेरिकेत सोडून दिलेल्या कोळसा खाणींची तोंडे सरकारी खर्चाने बुजवली गेली. पण भेगांतून हवा आत जातच राहिली.

कोडे सुटायला सुरुवात झाली 1947 साली. कोल्मर आणि हिंकल या संशोधकांनी दाखवले की या पाण्यातले जिवाणूच लोहाचे ऑक्सिडीकरण करतात. 1970 मध्ये सिंगर आणि श्टुम यांनी पुढची कडी जोडली: पाणी एकदा पुरेसे आम्ल झाले की विरघळलेल्या फेरस लोहाचे ऑक्सिडीकरण होऊन फेरिक लोह होणे हाच सगळ्यात संथ टप्पा, आणि जिवाणू तो सुमारे दहा लाख पटींनी वेगवान करतात. मग हे फेरिक लोहच पायराइट कुरतडते. माझ्या मते सगळ्या इतिहासातले खरे वळण हेच, कारण त्यानंतर नुसते पाणी शुद्ध करत बसण्यापेक्षा क्रिया सुरूच होऊ न देण्याला महत्त्व आले.

त्यातूनच खोदण्याआधी खडकातून किती आम्ल बनेल आणि ते मारायला किती चुनखडी लागेल, असा जमाखर्च मांडायची पद्धत रुळली. पायराइटच्या रूपात 1 टक्का गंधक असेल तर 1000 टन खडकामागे 31.25 टन चुनखडी लागते. कागदावर हे सोपे. प्रत्यक्षात चुनखडीच्या खड्यांवर लोहाचा गंज चढतो आणि आतला चुना कामाला येत नाही. म्हणून कुठे चुनखडीचे चर हवाबंद करतात, कुठे पायराइटचा उरलेला गाळ पाण्याखाली बुडवून ठेवतात.

मेघालयात कोळशात गंधक जास्त, आणि उंदराच्या बिळांसारख्या खाणी खोदताना असा हिशेब कोण करणार! राष्ट्रीय हरित लवादाने 2014 साली त्या खाणकामावर बंदी घातली. सोडून दिलेल्या बिळांत हवा आणि पावसाचे पाणी अजूनही शिरते.