दिवा दिसला का? हो, नाही, सांगता येत नाही

जे. बी. एस. हॉल्डेन 1957 साली इंग्लंड सोडून कलकत्त्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेत आले. आनुवंशशास्त्रातलं मोठं नाव, आणि स्वतःच्याच शरीरावर जिवावर बेतणारे प्रयोग करण्याबद्दल प्रसिद्ध. त्याच वर्षी संस्थेच्या ‘संख्या’ या नियतकालिकात त्यांचा एक निबंध आला. विषय होता जैनांचा स्याद्वाद, म्हणजे कुठलंही विधान कुठल्या तरी एका बाजूने पाहूनच खरं ठरतं हा विचार. संस्थेचे संस्थापक प्रशांतचंद्र महालनोबिस यांनी तीन वर्षं आधी स्याद्वाद आणि संभाव्यता यांच्या नात्यावर लिहिलं होतं. हॉल्डेन यांनी तोच धागा उचलला आणि माणसाच्या डोळ्यांपर्यंत नेला.

स्याद्वादाचा विषय निघाला की हत्ती आणि आंधळ्यांची गोष्ट सांगायची पद्धत आहे. इथे ती फारशी उपयोगाची नाही. त्या गोष्टीत शेपूट धरणारा शेवटपर्यंत दोरीच म्हणतो आणि पाय धरणारा खांबच. माणसं वेगळी म्हणून उत्तरं वेगळी. हॉल्डेन यांचा प्रश्न जास्त अडचणीचा होता. तोच माणूस, तोच दिवा, तोच प्रश्न, तरीही उत्तरं वेगवेगळी येतात, त्याचं काय करायचं?

अंधारात बसलेल्या माणसाला अतिशय मंद दिवा क्षणभर दाखवायचा आणि विचारायचं, ‘दिसला का?’ उत्तरं तीन चालतील: ‘हो’, ‘नाही’, ‘सांगता येत नाही’. दिव्याच्या वेगवेगळ्या तीव्रता उलटसुलट क्रमाने पुन्हा पुन्हा दाखवायच्या. फारच मंद दिव्याला दर वेळी ‘नाही’ येतं, पुरेशा प्रखर दिव्याला दर वेळी ‘हो’. मधल्या पट्ट्यात मात्र एकाच तीव्रतेला कधी ‘नाही’ तर कधी ‘सांगता येत नाही’, आणखी थोडं पुढे गेल्यावर तिन्ही उत्तरं. आता एका तीव्रतेला मिळालेली सगळी उत्तरं एकत्र लिहून काढा. नुसतं एकच उत्तर असण्याचे प्रकार तीन, दोन-दोन उत्तरांच्या जोड्या तीन, आणि तिन्ही एकत्र असण्याचा एक. एकूण सात. जैन तर्कशास्त्रातली सप्तभंगी ‘अस्ति’ (आहे), ‘नास्ति’ (नाही) आणि ‘अवक्तव्य’ (सांगता न येणारं) या तीन पदांपासून अशीच सात विधानं करते.

इथे हुरळून जायचं कारण नाही. ‘आमच्या ग्रंथांत हे सगळं आधीच होतं’ असं म्हणणाऱ्यांची कमतरता नाही, आणि हॉल्डेन यांचा निबंध त्यांच्या हाती आयताच सापडतो. पण त्या जुळणीत एक सांधा सैल आहे. जैन आचार्यांचं ‘अवक्तव्य’ म्हणजे पाहणाऱ्याची द्विधा मनःस्थिती नव्हे. असणं आणि नसणं ही दोन्ही अंगं एकाच शब्दात, एकाच वेळी सांगता येत नाहीत, असा त्याचा अर्थ. स्याद्वाद म्हणजे संशयवाद नव्हे, हे त्यांनी परोपरीने सांगितलं आहे. शंकराचार्यांचा आक्षेप होता की एकच वस्तू एकाच वेळी थंड आणि गरम असू शकत नाही, तशीच ती आहे आणि नाही अशीही असू शकत नाही. जैनांचं त्यावर उत्तर ठरलेलं: कुठल्या अपेक्षेने, म्हणजे कुठल्या बाजूने पाहून, ते आधी बोला.

माझ्या मते खरं साम्य सातच्या आकड्यात नाही, ते या ‘अपेक्षे’त आहे. जैन आचार्य मल्लिषेणाच्या तेराव्या शतकातल्या ‘स्याद्वादमंजरी’त मातीच्या घटाचं उदाहरण येतं. घट मातीचा म्हणून आहे, पाण्याचा म्हणून नाही. पाटलिपुत्रातला म्हणून आहे, कान्यकुब्जातला म्हणून नाही. शिशिरातला म्हणून आहे, वसंतातला म्हणून नाही. काळा म्हणून आहे, लाल म्हणून नाही. द्रव्य, क्षेत्र, काळ आणि भाव असे चार रकाने भरल्याशिवाय ‘घट आहे’ हे विधान पुरं होत नाही.

आता 1942 सालचा एक प्रयोग पाहू. सेलिग हेख्ट, सायमन श्लेअर आणि मॉरिस पिरेन या तिघांना माणसाला दिसू शकणारा कमीत कमी प्रकाश मोजायचा होता. रकाने त्यांनीही भरले. प्रकाश हिरवट-निळा, 510 नॅनोमीटर तरंगलांबीचा. तो पडणार दृष्टिपटलाच्या मध्यापासून 20 अंश बाजूला, जिथे मंद प्रकाश टिपणाऱ्या रॉड पेशी दाट असतात. आधी अर्ध्या तासाहून जास्त वेळ अंधारात बसायचं. झोत सेकंदाच्या हजाराव्या भागापुरता. एवढं ठरल्यावर आकडा हाती आला: डोळ्यापर्यंत साधारण 54 ते 148 फोटॉन, म्हणजे प्रकाशाचे कण, पोहोचले की झोत दिसतो. त्यातले बरेच वाटेत गळतात आणि रॉड पेशींत शोषले जातात ते जेमतेम 5 ते 14. हे फोटॉन सुमारे 500 पेशींवर विखुरतात, म्हणजे एकाच पेशीवर दोन पडण्याची शक्यता थोडीच. त्यावरून एक रॉड पेशी एका फोटॉननेही जागी होते, असा निष्कर्ष त्यांनी काढला.

त्याहून मोठी गोष्ट पुढे आहे. दिव्याची तीव्रता जराही न बदलता कधी ‘हो’, कधी ‘नाही’ का येतं? सरीचा जोर तोच असला तरी पत्र्याच्या ठरावीक तुकड्यावर दर सेकंदाला सारखेच थेंब पडत नाहीत, तसंच फोटॉनचं. सरासरी सात असेल, तर एखाद्या झोतात चार शोषले जातात, एखाद्यात दहा. ‘हो’ आणि ‘नाही’ यांची ही सरमिसळ बऱ्याच अंशी प्रकाशाच्याच स्वभावातून येते. पाहणाऱ्याच्या डोक्यावर सगळा दोष टाकता येत नाही.

सगळा नाही, पण थोडा टाकावाच लागतो. रॉड पेशी अंधारातही अधूनमधून आपोआप उद्दीपित होतात, आणि दिवा नसताना तो दिसल्याचा भास होतो. हे रडारच्या पडद्यासमोर बसणाऱ्याच्या बाबतीतही घडतं: ठिपका विमानाचा की नुसता गोंधळ? याच प्रश्नावरच्या विचारातून 1954 च्या सुमारास संकेत-शोधाचा सिद्धांत आकाराला आला. त्याने ‘दिसलं’ या एका शब्दात मिसळलेल्या दोन गोष्टी वेगळ्या केल्या: इंद्रिय किती तीक्ष्ण आहे, आणि ‘हो’ म्हणायला माणूस किती पुरावा मागतो. चुकीच्या ‘हो’ला दंड लावा, तोच माणूस हात आखडता घेतो, हुकलेल्या दिव्याला दंड लावा, सढळपणे ‘हो’ म्हणू लागतो. डोळे तेच असतात. क्ष-किरण चित्रात गाठ शोधणाऱ्या डॉक्टरलाही हेच लागू आहे. म्हणून मल्लिषेणाच्या चार रकान्यांत मी पाचवा घालीन: चुकल्याची किंमत.

2016 साली व्हिएन्नातल्या एका गटाने माणसांना खरोखरच एकेकटा फोटॉन दाखवला. तीन निरीक्षक, 30,000 हून जास्त फेऱ्या. ‘दिसला का’ असं विचारलंच नाही. दोन क्षणांपैकी कुठल्या क्षणी फोटॉन आला ते सांगायचं, आणि उत्तराची खात्री किती तेही सांगायचं. ‘सांगता येत नाही’ म्हणायची सोय मुद्दाम काढून टाकली होती. नुसत्या अंदाजाने 50 टक्के उत्तरं बरोबर यावीत, आली 51.6 टक्के. पण ज्या थोड्या फेऱ्यांत निरीक्षकांनी खात्री सर्वाधिक असल्याचं सांगितलं होतं, त्यांत हे प्रमाण 60 टक्क्यांवर गेलं.