भाडं वाढलं तरी खर्च स्थिर कसा?

भाची वाणिज्य शाखेला आहे. परवा अभ्यास करता करता तिने विचारलं, "मामा, जागेचं भाडं तर दरवर्षी वाढतं. मग पुस्तकात त्याला स्थिर खर्च का म्हटलंय?" एका वाक्याचं उत्तर मी देऊन टाकलं: स्थिर म्हणजे उत्पादन कमीजास्त झालं तरी न हलणारा, काळाबरोबर न बदलणारा नव्हे. तिचं समाधान झालं. माझं झालं नाही, कारण तोवर माझ्या डोक्यात टेलिफोनची तार आणि भूमितीतली एक रेषा शेजारी शेजारी येऊन बसली होती. या तिघांनाही इंग्रजीत 'फिक्स्ड' हेच विशेषण लागतं, आणि तिन्ही ठिकाणी एक प्रश्न विचारायचा राहून जातो. स्थिर, पण काय केलं असता स्थिर?

टेलिफोनचं स्थैर्य त्यातल्या त्यात भाबडं. तांब्याच्या तारांची जोडी, तिचं एक टोक तुमच्या भिंतीत आणि दुसरं एक्स्चेंजमध्ये. टोकं हलत नाहीत म्हणून ती फिक्स्ड लाइन. तारेच्या आत मात्र सगळी धावपळ असते. एक्स्चेंजमधल्या बॅटऱ्या तिच्यावर सुमारे ४८ व्होल्ट ठेवून असतात, म्हणूनच घरातले दिवे गेले तरी जुना वायरवाला फोन चालू राहायचा. रिसीव्हर उचलला की मंडल पूर्ण होतं, प्रवाह सुरू होतो आणि त्यावर तुमच्या आवाजाची ३०० ते ३४०० हर्ट्झमधली कंपनं स्वार होतात. रेषा जागेवर, तिच्यावरचं सगळं सरकतं. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

ती तार पुरायला आणि एक्स्चेंज उभारायला लागणारा पैसा तुम्ही दिवसात एक फोन करा नाहीतर पन्नास, तेवढाच राहतो. तार रिकामी असेल तर आणखी एक कॉल लावून द्यायला जवळजवळ काहीच पडत नाही. स्थिर खर्चाचा इतका शुद्ध नमुना शोधून सापडणार नाही. बाकीच्या धंद्यांत स्थिर खर्च आणि नगांबरोबर वाढणारा बदलता खर्च यांची भेसळ असते. समजा स्थिर खर्च १२०० आणि प्रत्येक नगामागे बदलता खर्च ३. मग 'क्ष' नगांचा एकूण खर्च १२०० + ३क्ष. आलेखावर ही सरळ रेषा, उभ्या अक्षाला १२०० वर छेदणारी. इथवर नववीचं बीजगणित.

आता माझ्या आवडीची गोष्ट. पत्त्यांचा एक कॅट घ्या. पत्ते टेबलावर उभे, एकमेकांना चिकटून, कडा तुमच्याकडे. त्या सगळ्या कडांवरून पेन्सिलीने एक आडवी रेघ ओढा. डावीकडचा पहिला पत्ता अंगठ्याने दाबून धरा. दुसरा केसभर वर सरकवा, तिसरा दोन केस, चौथा तीन. रेघ तिरपी होते, पण सरळच राहते. या सरकवण्याला गणितात शिअर म्हणतात. आपला खर्चाचा आलेख नेमका असाच तयार होतो. आडवी रेघ म्हणजे १२०० चा स्थिर खर्च. डावीकडून कितवा पत्ता, ते उत्पादन. पहिला पत्ता शून्य नगांचा. आणि 'केसभर' म्हणजे नगामागचे ३.

पहिल्या पत्त्यावरचा प्रत्येक बिंदू जिथल्या तिथे आहे. म्हणजे १२०० हा या रूपांतरणाचा (म्हणजे सरकवण्याचा) शब्दशः स्थिर बिंदू झाला. स्थिर खर्चातलं 'स्थिर' अलंकारिक नाही, भूमितीतलं आहे! उरलेले पत्ते बघा (हे पत्ते वरखाली अमर्याद लांब आहेत असं क्षणभर समजा). पत्ता सरकला, पण स्वतःच्याच रेषेत. रेषा म्हणून तो होता तिथेच आहे, त्यावरचे बिंदू तेवढे वर गेले. भूमितीत स्थिर रेषा म्हणतात ती हीच: रूपांतरणानंतर अख्खी रेषा स्वतःवरच येऊन पडली पाहिजे, बिंदूंनी आपापल्या जागा धरून ठेवायची गरज नाही. टेलिफोनची तार आठवली ना? पहिला पत्ता ही त्याहून कडक जात, तिचा बिंदू न् बिंदू स्थिर.

आरशातही दोन्ही जाती दिसतात. कागदावर एक रेषा आरसा मानून आकृती उलटवली, तर आरशाची रेषा बिंदू न् बिंदू स्थिर राहते. तिला काटकोनात छेदणाऱ्या रेषाही स्थिर, पण त्यांच्यावरचे बिंदू अल्याडचे पल्याड होतात. तोच कागद एका बिंदूभोवती ३० अंशांत फिरवा, एकही रेषा स्थिर राहत नाही. त्रिमितीत मात्र असं होऊच शकत नाही. एखादी टणक वस्तू तिचा एक बिंदू पक्का धरून कशीही फिरवली, तरी शेवटी एक अख्खी रेषा मूळ जागी सापडतेच, हे स्विस गणिती ऑयलरने १७७५ मध्ये दाखवलं. कारण असं: अशी रेषा शोधताना त्रिमितीत त्रिघाती समीकरण येतं, आणि वास्तव सहगुणकांच्या त्रिघाती समीकरणाला निदान एक वास्तव उत्तर असावंच लागतं, कारण त्याचा आलेख खालून वर जाताना अक्ष ओलांडल्याशिवाय राहत नाही. द्विघातीवर ती सक्ती नाही. (हे डोक्यावरून गेलं तर खुशाल सोडून द्या, पत्ते तेवढे हातात ठेवा.) पृथ्वीचा अक्ष ही अशीच रेषा. 'अढळ' ध्रुव तिच्या रोखात आहे म्हणून अढळ दिसतो, आणि तोही आज अर्ध्या अंशाहून थोडा जास्तच बाजूला आहे. अक्षही सुमारे २६,००० वर्षांत एक गिरकी घेतो, त्यामुळे ही अढळपदाची नेमणूक हंगामी आहे.

खर्चाकडे परत. एकूण खर्चाला नगांनी भागलं की सरासरी मिळते: १०० नगांना १५, १००० नगांना ४.२, १०,००० नगांना ३.१२. स्थिर खर्चाचा वाटा विरत जातो, पण सरासरी ३ च्या खाली कधीच जात नाही. हे विसरायला लावणारी एक नव्या जमान्याची पोथी आहे: आज प्रत्येक नगामागे तोटा होऊ दे, पसारा वाढला की नफाच नफा. विक्रीची किंमत ५ असेल तर ६०० नगांवर तोंडमिळवणी होते, ठीक. किंमत २.५ असेल तर मात्र प्रत्येक वाढीव नग खड्डा आणखी ०.५ ने खोल करतो, मग सादरीकरणात बाण कितीही वर गेलेला दाखवा.

पसाऱ्याचा एक फायदा मात्र खरा, आणि तो टेलिफोनवाल्यांनीच मोजला. कोपनहेगनच्या टेलिफोन कंपनीतले गणिती एर्लांग यांनी किती तारा पुरतील याचं सूत्र १९१७ मध्ये मांडलं. शंभरात एकच कॉल नाकारला जावा अशी अट घातली, तर १० सामाईक तारा एका वेळी सरासरी साडेचार संभाषणांचा भार पेलतात. १०० तारा पेलतात ८४ चा. तारा दहापट, काम जवळजवळ एकोणीसपट. कारण मोठ्या समूहात एकाची गर्दी दुसऱ्याच्या शांततेत जिरते.

भाचीला मी शेवटी पत्ते दाखवले. भाडं वाढलं म्हणजे पेन्सिलीची रेघ वरच्या उंचीवर ओढली, इतकंच. सरकवणं तेच, अंगठ्याखालचा पत्ता तोच, आणि त्याच्यावरचा नवा बिंदूही तितकाच स्थिर. तिने पत्ते पुन्हा नीट लावले आणि म्हणाली, "आणि माल वाढला म्हणून शेजारची दुसरी जागा भाड्याने घ्यावी लागली तर?" तर ते भाडं उत्पादनानेच हललं. रेघ मध्येच तुटून एक पायरी चढते, आणि अशी पायरी पत्ते कितीही एकसारखे सरकवले तरी तयार होत नाही. तिच्या पुस्तकात 'अल्पकाळात' (म्हणजे जागा, यंत्रं वाढवता येणार नाहीत इतक्या मुदतीत) हा शब्द स्थिर खर्चाच्या व्याख्येला चिकटवलेला आहे, तो ही पायरी टाळण्यासाठीच.