क्रुसेडला फक्त भूमिहीन धाकटेच गेले?

क्रुसेड म्हणजे जेरुसलेम जिंकायला युरोपातल्या ख्रिश्चनांनी काढलेली धर्मयुद्धं. ‘क्रुसेडला गेलेले सरदार म्हणजे वाटणी न मिळालेले धाकटे भाऊ, जमिनीसाठी निघालेले,’ असं वर्षानुवर्षं सांगितलं जातं. हे खरं नाही. उत्तर फ्रान्समधल्या नॉर्मंडीचा ड्यूक, म्हणजे तिथला सत्ताधीश, रॉबर्टच बघा. इंग्लंड जिंकणाऱ्या विल्यमचा हा थोरला मुलगा. जमिनीला तोटा नव्हता. उलट 1096 मध्ये पहिल्या क्रुसेडच्या खर्चासाठी त्याने अख्खी नॉर्मंडी धाकट्या भावाकडे, इंग्लंडच्या राजाकडे, गहाण टाकली. रक्कम 10,000 मार्क, म्हणजे चांदीची 16 लाख नाणी! ती उभी करायला इंग्लंडमध्ये जबर कर बसला, मठांतली चांदीसुद्धा वितळवली गेली.

1099 मध्ये जेरुसलेम पडलं तेव्हा रॉबर्ट तिथे होता. पण तिकडे राज्य न मांडता तो घरी परतला. तोवर गहाण घेणारा तो राजा मेला होता आणि सर्वांत धाकट्या भावाने, हेन्रीने, इंग्लंडचं सिंहासन बळकावलं होतं. 1106 मध्ये तँशब्रेच्या लढाईत हेन्रीने त्याला पकडलं. पुढची 28 वर्षं कैदेत, शेवट कार्डिफच्या किल्ल्यात. या माणसाला लुटीसाठी गेलेला म्हणणं मला फार अन्यायाचं वाटतं. ग्लॉस्टरच्या कॅथेड्रलमध्ये त्याचा रंगवलेला लाकडी पुतळा आजही आहे: चिलखत घालून पहुडलेला, पायावर पाय टाकलेला.