शब्दाच्या शेवटी उरलेला ‘बा’

जगातल्या झाडून साऱ्या भाषा संस्कृतातून निघाल्या, असे पटवून देणारे संदेश दर काही महिन्यांनी कुणी ना कुणी पुढे पाठवत असतो आणि त्यांतला पुरावा नेहमी एकाच जातीचा असतो, तो म्हणजे दोन दूरच्या भाषांतले दोन सारखे दिसणारे शब्द. त्या न्यायाने घानामध्ये ‘वाग्ला’ नावाची भाषा आहे, त्याअर्थी ती बोलणारे कधीकाळी आपल्याशी बरे वागले असावेत, असेही सिद्ध करता येईल. भाषांचे नाते असे ठरत नसते. ते कसे ठरते, याचे देखणे उदाहरण वाग्ला ज्या कुळातली आहे, त्या गुर भाषाकुळातच सापडते.

घानाच्या सवाना विभागात, बोले आणि सावला या गावांच्या परिसरात, दहा-पंधरा हजार लोक वाग्ला बोलतात. भोवतालच्या मुलखात वजन आहे ते गोंजा भाषेचे, आणि ती गुर कुळातली नाही. घाना सरकारच्या मान्यताप्राप्त भाषांत गोंजाला स्थान आहे, वाग्लाला नाही. गुर कुळाचा पसारा मात्र उत्तर घानापासून बुर्किना फासो, टोगो, बेनिन, आयव्हरी कोस्ट आणि मालीपर्यंत आहे. बुर्किना फासोत सर्वाधिक लोक बोलतात ती मोरे भाषा याच कुळातली. गुरमा, गुरेने, गुरुन्सी अशी ‘गुर’ने सुरू होणारी नावे या भागात बरीच दिसली, म्हणून गॉटलोब क्राउझे या जर्मन अभ्यासकाने कुळाला ते नाव दिले.

उत्तर घानातल्या डग्बानी या गुर भाषेचे नाव उच्चारताना आपण ‘ग’ आणि ‘ब’ एकामागून एक म्हणतो आणि तिथेच चुकतो. जिभेचा मागचा भाग टाळूला टेकतो त्याच वेळी ओठही मिटतात, आणि दोन्ही अडसर जवळजवळ एकदमच सुटतात. त्यामुळे कानाला ते एकच व्यंजन वाटते.

आता त्याच नावाची फोड करून पाहू. डग्बाना म्हणजे त्या समाजातला एक माणूस, डग्बाम्बा म्हणजे अनेक, डग्बानी ही त्यांची भाषा आणि डग्बॉन हा त्यांचा प्रदेश. मूळ एकच आहे, बदलते ती शेपूट, आणि बोलणे माणसाविषयी आहे, भाषेविषयी आहे की मुलखाविषयी, हे त्या शेपटीवरूनच कळते. मराठीतही घोडा-घोडे, भिंत-भिंती, घर-घरे असे शेवट बदलतात. फरक इतकाच की आपली लिंगे तीन, आणि गुर भाषांत नामांचे असे वर्ग पुष्कळ असू शकतात. डग्बानीत पाणी म्हणजे कोम, तेल म्हणजे क्पाम, रक्त म्हणजे झिम आणि दूध म्हणजे बिहिम. वाहणाऱ्या वस्तूंच्या शेवटी ‘म’ आहे.

येथून दूर पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावर बोलली जाणारी स्वाहिली ही बांटू, म्हणजे मध्य, पूर्व आणि दक्षिण आफ्रिकेत पसरलेल्या मोठ्या भाषासमूहातली, भाषा आहे. तीत पाणी माजी, तेल माफुता आणि दूध माझिवा. ‘म’ तोच, पण शब्दाच्या पुढे. डग्बाम्बामधला अनेक माणसांचा ‘बा’ही बांटू भाषांत पुढे येतो, ‘बांटू’ हे नावच ‘बा’ आणि माणूस या अर्थाचे ‘न्टू’ मिळून झाले आहे. एखादा ‘म’ जुळणे हा योगायोग असू शकतो. पण वर्गांचा सबंध संच, त्यांचे अर्थ आणि एकवचन-अनेकवचनाच्या जोड्या यांसह जुळू लागला की योगायोगाचे कारण पुरत नाही. अमेरिकी भाषाशास्त्रज्ञ जोसेफ ग्रीनबर्ग यांनी 1963 मध्ये मांडलेल्या वर्गीकरणात गुर आणि बांटू या दोन्ही नायजर-काँगो या महाकुळात आल्या, त्यामागे अशाच पुराव्याचे बळ होते. शब्दांच्या घाऊक तुलनेची त्यांची पद्धत अनेकांना मान्य नव्हती, आणि ती टीका मला रास्त वाटते. नामवर्गांचा हा पुरावा मात्र टिकून राहिला.

मग एकीकडे शेपूट आणि दुसरीकडे मस्तक, हे कसे घडले असावे? 1978 मध्ये ग्रीनबर्ग यांनी सुचवलेले उत्तर मला फार आवडते. ‘तो’, ‘ते’ यांसारखे दर्शक शब्द आधी नामाजवळ सुटे उभे असतात. वापरून वापरून त्यांतला ‘तोच, ठाऊक असलेला’ हा अर्थ झिजतो, शब्द नामाला चिकटतो आणि अखेरीस केवळ वर्गाची खूण उरते. ‘माणूस तो’ असे पिढ्यान्‌पिढ्या म्हणत राहिल्यावर ‘माणूसतो’ हाच माणसाचा शब्द होऊन बसावा, तसे. ती खूण निर्जीव झाली की भाषेला नवा दर्शक लागतो, आणि तो दुसऱ्या टोकालाही येऊ शकतो. गुर कुळातल्याच कोंकोम्बा लोकांच्या भाषेत एक माणूस म्हणजे उनिल आणि माणसे म्हणजे बिनिब. मधल्या ‘नि’च्या दोन्ही अंगांना ‘ब’ आहे, मागचा जुना आणि पुढचा नवा.

वाग्ला ज्या ग्रुसी शाखेत मोडते, तिच्या नैर्ऋत्य गटात हा डोलारा पुष्कळ कोसळलेला दिसतो. वाग्लाची जवळची नातलग असलेल्या चकाली भाषेत एकवचनी सर्वनाम माणूस, बकरी आणि दगड या साऱ्यांना एकच आहे. भेद उरला आहे तो अनेकवचनात, जिथे बकऱ्यांना आणि दगडांना ‘आ’ म्हणतात, आणि माणसांना ‘बा’.